पाचशे किलोमीटरचं भाडं

फुटबॉलपटू सालिफ केइताबद्दल बोलायला बसलेला प्रत्येक जण टॅक्सीपासून सुरुवात करतो आणि ती विनोदासारखी सांगून पुढे सरकतो. सप्टेंबर १९६७, वय वर्षं वीस. मालीची राजधानी बामाको सोडून निघालेला हा मुलगा पॅरिसच्या विमानतळावर उतरला. फ्रान्समधल्या सेंत-एतिएन या फुटबॉल क्लबचं कोणीतरी न्यायला यायचं होतं, पण त्यांची गाठच पडली नाही. याने थोडी वाट पाहिली, बाहेर येऊन टॅक्सी केली आणि सांगितलं, सेंत-एतिएनला जायचंय. अंतर पाचशे किलोमीटरांच्या वर. टॅक्सीवाल्याने नेलं, क्लबने भाडं भरलं, आणि पुढे याच मुलाने क्लबला जे मिळवून दिलं ते पाहता फ्रेंच फुटबॉलच्या इतिहासातला हा सगळ्यात स्वस्त सौदा ठरला. लोक हसतात, गोष्ट संपते.

मला त्यातला मीटर खुपतो. पॅरिस-लियाँ मोटरवे सलग पूर्ण झाला तो १९७० मध्ये. १९६७ साली दक्षिणेकडे निघालेल्या गाडीला बरीचशी वाट गावागावांच्या मधून जाणाऱ्या जुन्या राष्ट्रीय रस्त्याने काढावी लागे, वाटेत फाटकं, ट्रकांच्या रांगा, चौकातले सिग्नल. म्हणजे सात-आठ तासांचा प्रवास तर नक्कीच. एवढा वेळ मागच्या सीटवर बसलेल्या माणसाला समोर फिरणारा आकडा दिसत राहतो. आणि या माणसाच्या खिशात त्या आकड्याला उपयोगी पडेल असं काही असण्याची शक्यताच कमी होती. मालीने १९६२ मध्ये स्वतःचा फ्रँक काढला होता. देशाबाहेर त्या नोटेला कोणी विचारत नसे, आणि १९६७ च्याच मे महिन्यात तिची किंमत अधिकृतपणे निम्म्यावर आणली गेली होती. क्लबने भाडं भरायला नकार दिला असता तर? खेळाडू म्हणून अजून नोंदही न झालेला, परवानगीशिवाय देश सोडून आलेला हा मुलगा त्या टॅक्सीवाल्याला काय सांगणार होता? हा प्रश्न विनोदात कुठेच येत नाही.

परवानगीशिवाय, हे महत्त्वाचं. माली १९६० मध्ये स्वतंत्र झाला आणि मोदिबो केइतांच्या समाजवादी सरकारच्या लेखी चांगला खेळाडू ही राष्ट्राची ठेव होती. ज्या फ्रान्सच्या राज्यातून नुकतं सुटलो, त्याच फ्रान्समध्ये पगारासाठी खेळायला जाणं सरकारला रुचणारं नव्हतं. अध्यक्ष केइता, खेळाडू केइता. पण हे नातं काकापुतण्याचं धरू नका. केइता हे तेराव्या शतकात माली साम्राज्य उभारणाऱ्या सुंदियाताचं कुळनाम. त्या मुलखात आडनाव सांगितलं की समोरच्याला तुमचं कूळ कळतं, आणि ते धारण करणारे अगणित आहेत. त्यातलाच एक पुढे जगप्रसिद्ध गायक झाला, तोही सालिफ केइता, तोही मालीचाच. इंटरनेटवर नाव टाकलं की पहिली दोन-तीन पानं गायकाचीच येतात. ज्याने आधी जग पाहिलं तो खाली कुठेतरी सापडतो.

तर निघताना सरळ बामाको-पॅरिस विमान पकडणं शक्य नव्हतं. तो शेजारच्या देशांतून, आबिजान आणि मन्रोव्हिया करत निघाला. या सगळ्यामागे बामाकोतल्या एका लेबनीज व्यापाऱ्याचा हात होता, ज्याला सेंत-एतिएनचं वेड होतं. त्याने क्लबला पत्रं लिहून लिहून या मुलाचं नाव गळी उतरवलं. आज खेळाडू शोधायला कॅमेरे आहेत, धावण्याचा वेग मोजणारी जाकिटं आहेत, चित्रफितींचे साठे आहेत. १९६७ मध्ये दुसऱ्या खंडातल्या एका दुकानदाराचा शब्द होता.

शब्द खोटा मात्र नव्हता. सोळा-सतराव्या वर्षी हा देशाच्या संघात आला होता. शाळेपासून टोपणनाव दोमिंगो. आफ्रिकेतल्या क्लबविजेत्यांची स्पर्धा सुरू झाली तेव्हा पहिल्या दोन्ही अंतिम फेऱ्यांत बामाकोचे संघ होते: १९६५ मध्ये स्ताद मालियँ, १९६६ मध्ये रेआल बामाको. दोघेही हरले. रेआलची हार जास्त बोचणारी, कारण घरच्या सामन्यात आबिजानच्या संघाला ३-१ ने हरवून ते परतीच्या सामन्याला गेले आणि तिथे १-४ असे हरले, एकूण ४-५. त्या स्पर्धेत एकट्या केइताचे चौदा गोल. राष्ट्रीय संघाची कथा याहून विचित्र. १९६५ च्या ब्राझाव्हिलमधल्या पहिल्या आफ्रिकी क्रीडास्पर्धेत माली अंतिम सामन्यात काँगोविरुद्ध ०-० असा बरोबरीत राहिला आणि सुवर्णपदक गेलं काँगोला. का, तर काँगोला सात कॉर्नर मिळाले होते आणि मालीला दोन. पेनल्टी शूटआउट तेव्हा यायचं होतं. गोल करणं हाच ज्याचा धंदा, त्याच्या संघाने कॉर्नरच्या मोजदादीवर हरावं याला काय म्हणायचं? सात वर्षांनी, १९७२ च्या आफ्रिका चषकात, उपांत्य फेरीत झाईरला जादा वेळेत ४-३ ने नमवून माली पुन्हा अंतिम सामन्यात पोचला. समोर पुन्हा काँगो. २-३. मालीने त्यानंतर आजवर दुसरा अंतिम सामना खेळलेला नाही.

आता मैदानाबद्दल, कारण तिथूनच पाय घडतो. बामाकोच्या मोकळ्या मैदानांवर लाल लॅटराइट माती असते. कोरड्या दिवसांत ती विटेसारखी कडक होते आणि वर बारीक खडी सुटते. अशा जमिनीवर चेंडू उडतो उंच आणि उडतो वाकडा. जो खेळाडू चेंडू अंगापासून दोन हात पुढे ढकलून मागे धावतो त्याला तो परत मिळत नाही, एखाद्या खड्यावर आपटून तो भलतीकडे जातो. म्हणून तिथला मुलगा छोटी पावलं टाकतो, तळव्याने चेंडू ओढतो, घोट्याच्या बाहेरच्या बाजूने ढकलतो, आणि वजन कधीच एका पायावर पूर्ण टाकत नाही, कारण शेवटच्या क्षणी दिशा बदलावी लागणार हे त्याला माहीत असतं. केइताच्या जुन्या धूसर चित्रफिती पाहिल्या की हे सगळं दिसतं. बारीक अंगकाठी, सैल कंबर, चाल जवळजवळ आळशी. बचावपटू जवळ येईपर्यंत तो घाईच करत नाही. मग खांदा एका बाजूला पडतो, बचावपटूचं वजन त्या बाजूला जातं आणि चेंडू दुसऱ्या बाजूने निघून गेलेला असतो. पहिल्या तीन पावलांत जो वेग येतो तो मागून पाहणाऱ्याला कळत नाही, समोरच्याला कळतो तेव्हा उशीर झालेला असतो.

हे सगळं घेऊन तो आला कोळशाच्या गावात. सेंत-एतिएन समुद्रसपाटीपासून पाचशे मीटरांवर, हिवाळा कडक, पाऊस गार. खाणीतल्या मळीच्या दोन टेकड्या गावातून कुठूनही दिसत. क्लब सुरू केला तो कासिनो या किराणा दुकानांच्या कंपनीच्या लोकांनी. हिरवा रंग दुकानाचा, स्टेडियमला नाव दुकानाच्या संस्थापकाचं, जोफ्रुआ गिशार. प्रेक्षक त्या मैदानाला ‘कढई’ म्हणतात. तेव्हा कोपरे सोडून चारही बाजूंना सरळ उभे स्टँड होते, रेघेला अगदी खेटून, त्यामुळे आवाज मैदानावरच राहायचा. ओल्या गवतावर चेंडू उडत नाही, घसरतो, आणि जमिनीवर पडल्यावर वेग धरतो. लॅटराइटवर वाढलेल्याला सुरुवातीला पास पायाखालून निसटून जातात. त्यात बुटाला स्क्रूचे लांब स्टड: कडक जमिनीवर वळणारा गुडघा इथे वळत नाही, पाय चिखलात रुतलेला असतो आणि कंबर फिरलेली. नव्या जागी आलेल्या कितीतरी फॉरवर्डच्या पहिल्या हंगामातल्या दुखापती अशाच होतात, आणि लोक म्हणतात, याला थंडी मानवली नाही. केइताला आधी कागदासाठी थांबावं लागलं. मालीकडून मुक्ततेचं पत्र नाही, म्हणून परवाना नाही, म्हणून फक्त सराव. माझ्या मते त्या आठवड्यांनी त्याच्या पायांवर उपकारच केले.

ड्रेसिंगरूममध्ये त्याला भेटला रशीद मेख्लूफी.

इथे जरा थांबायला हवं. मेख्लूफी अल्जेरियाचा, सेंत-एतिएनचा लाडका. १९५८ च्या एप्रिलमध्ये विश्वचषक तोंडावर असताना तो आणि आणखी काही अल्जेरियन खेळाडू गुपचूप फ्रान्स सोडून निघाले आणि स्वातंत्र्यासाठी लढणाऱ्या संघटनेच्या फुटबॉल संघात दाखल झाले. अल्जेरिया स्वतंत्र झाल्यावर तो परत सेंत-एतिएनला आला तेव्हा प्रेक्षकांनी त्याला डोक्यावर घेतलं. म्हणजे एकाच खोलीत दोन पळून आलेले: एक जण फ्रान्समधून पळून गेला होता, दुसरा पळून फ्रान्समध्ये आला होता. दोघांनी एकच हंगाम एकत्र काढला. १९६८ मध्ये लीग आणि चषक दोन्ही जिंकले, आणि चषकाच्या अंतिम सामन्यात बोर्दोविरुद्धचे दोन्ही गोल मेख्लूफीचे. मग तो निघून गेला. तो मागून चेंडू कुठे आणि केव्हा देतो, हे त्या हंगामात केइताने शिकून घेतलं असावं, कारण मेख्लूफी गेल्यानंतर केइता स्वतः थोडा मागे सरकून खेळायला लागला.

प्रशिक्षक आल्बेर बातो. आघाडीला एर्वे रेवेली, अस्सल नऊ नंबर, म्हणजे सगळ्यात पुढे राहून गोल करणारा, १९६७ आणि १९७० मध्ये लीगमध्ये सर्वाधिक गोल करणारा. जोडीचं काम कसं चालायचं ते समजून घेण्यासारखं आहे. रेवेली बचावफळीच्या मधल्या दोघांमध्ये चिकटून राहायचा, त्यांना मागे ओढायचा, क्रॉसच्या वेळी जवळच्या खांबाकडे झेपावायचा. त्या ओढाताणीत बचावफळी आणि मधली फळी यांच्यात पंधरा-वीस यार्डांची पट्टी मोकळी व्हायची. केइता तिथे चेंडू घ्यायचा, तोंड गोलकडे करून. त्या काळी बचाव माणसागणिक असायचा, म्हणजे एकाने एकाला धरायचं. केइताला धरलेला माणूस त्याच्यामागे वर आला की त्याची मागची जागा उघडी, नाही आला की केइताला वळायला वेळ. दोन्हीकडून नुकसानच. उलट रेवेली जखमी असेल, तर केइतालाच सगळ्यात पुढे उभं राहावं लागायचं, पाठ गोलकडे करून, आणि तिथे त्याची अर्धी ताकद वाया जायची. पुढे दुसऱ्या देशात त्याचं जे झालं त्याचं कारण बरंचसं इथे आहे.

कढईतली सगळ्यात मोठी रात्र १९६९ च्या शरदातली. युरोपियन कपची, म्हणजे युरोपातल्या क्लबविजेत्यांच्या स्पर्धेची पहिली फेरी, समोर जर्मनीचा बायर्न म्युनिक. बेकेनबावर, म्युलर, गोलात मायर. म्युनिकमध्ये ०-२ अशी हार झालेली. परतीच्या सामन्यात रेवेलीने दुसऱ्याच मिनिटाला गोल केला, तासाभराने दुसरा. बरोबरी झाली. आणि शेवटची दहाएक मिनिटं उरली असताना केइताचा तिसरा. ३-०. फ्रान्सच्या क्लबने जर्मन संघाला असं उलटवावं हे तेव्हा ऐकिवात नव्हतं. सेंत-एतिएनच्या सत्तरच्या दशकातल्या ज्या युरोपीय रात्रींची गाणी आजही गायली जातात, त्यांची पहिली ओळ ही. पण त्या रात्रींच्या वेळी केइता तिथे नव्हता.

आणि मग तो हंगाम, १९७०-७१. अडतीस सामन्यांची लीग. केइताचे गोल बेचाळीस. सेदाँविरुद्ध एकाच सामन्यात सहा. दर सामन्याला एकाहून जास्त, आणि त्यात पाऊस, बर्फ, ज्याला आज सर्रास लाल कार्ड मिळेल असे टॅकल, सगळं आलं. नंतर कार्लोस बियांकीने ३७ केले, २०१५-१६ मध्ये इब्राहिमोविचने ३८. बेचाळीसला हात कोणी लावला नाही. तरीही त्या यादीत केइता दुसरा. कारण त्याच हंगामात मार्सेयच्या जोसिप स्कोब्लारने चव्वेचाळीस केले. फ्रान्सचा तो विक्रम आजही उभा आहे, युरोपात सर्वाधिक गोल करणाऱ्याचा सोनेरी बूटही त्यालाच मिळाला, आणि लीगही मार्सेयने नेली. एखाद्याने आयुष्यभराचं काम एका वर्षात उरकावं आणि त्याच वर्षी शेजारच्या घरात दोनने जास्त व्हावेत! बातमीचा मथळा स्कोब्लारचा झाला आणि बेचाळीस हा आकडा जाणकारांच्या गप्पांत उरला. त्याला आफ्रिकेतल्या सर्वोत्तम खेळाडूचा मान आदल्या वर्षी, १९७० मध्येच मिळाला होता. तो पुरस्कारच तेव्हा सुरू झाला, म्हणून यादीत पहिलं नाव त्याचं. कुठेतरी पहिला नंबर लागला म्हणायचा.

सेंत-एतिएनकडे १४९ लीग सामने आणि सव्वाशेच्या आसपास गोल. १९६८, ६९ आणि ७० अशी सलग तीन विजेतेपदं, दोन चषक. एवढं झाल्यावर भांडण झालं, आणि भांडणाचं मूळ समजायला फ्रान्समधली तेव्हाची करारपद्धत माहीत हवी. १९६९ पर्यंत तिथला व्यावसायिक खेळाडू वयाच्या पस्तिसाव्या वर्षापर्यंत क्लबला बांधलेला असे. क्लबने विकलं तर जायचं, नाही विकलं तर राहायचं, पगारही क्लब ठरवील तो. १९६८ च्या मे महिन्यात देश पेटला तेव्हा फुटबॉलवाल्यांनीही आपलं म्हणणं पुढे केलं आणि वर्षभरात मुदतीचा करार आला. कागदावर आला, क्लबांच्या अध्यक्षांच्या डोक्यात यायला वेळ लागला. सेंत-एतिएनचे अध्यक्ष रोजे रोशे, तोंडात पाइप, खाणीतून वर आलेला करारी माणूस. १९७१ मध्ये गोलकीपर कार्न्यू आणि बचावपटू बोस्किए मार्सेयकडे जाणार असं कळताच त्याने हंगाम संपायच्या आतच दोघांना संघाबाहेर काढलं. पुढच्या वर्षी केइताही मार्सेयकडेच गेला. रोशेला हा विश्वासघात वाटला, केइताला आपल्या कष्टाचं मोल क्लबने कधी नीट दिलं नाही असं वाटत होतं. मला दोघांचंही खरं वाटतं, आणि म्हणूनच पुढचा प्रसंग वाचताना अवघडायला होतं. मार्सेयच्या निळ्या-पांढऱ्या जर्सीत सेंत-एतिएनविरुद्ध तो उतरला, दोन गोल केले, आणि जुन्या अध्यक्षाच्या दिशेने हात कोपरातून दुमडून दाखवला. त्या अश्लील खुणेचा अर्थ फ्रान्समध्ये लहान पोरालाही कळतो.

मार्सेयमध्ये अठरा सामने, दहा गोल, एकच हंगाम. नियम असा होता की क्लबला दोनच परदेशी खेळवता येत. मार्सेयकडे युगोस्लाव्हियाचा स्कोब्लार होता, स्वीडनचा मॅग्नुसन होता. दोघांपैकी कोणी हलणार नव्हतं. मग क्लबने सोपा उपाय सुचवला: केइताने फ्रेंच नागरिक व्हावं. सही केली की परदेशी संपला, जागा मोकळी. त्याने नकार दिला. या नकारावर मोठमोठे शब्द लादायचा मोह होतो. पण थोडं वास्तव बघू. १९६८ च्या नोव्हेंबरमध्ये मालीत लष्करी उठाव झाला होता, ज्या सरकारच्या नजरेआड तो निघाला होता ते सरकारच उरलं नव्हतं. देशाकडे परत जाण्याचा रस्ता उघडला होता. ज्या पासपोर्टसाठी त्याने आडवाटेची पायपीट केली तो त्याने एका जागेच्या सोयीसाठी का द्यावा? शिवाय मागणी ज्या तऱ्हेने आली, जणू दोन जर्सींतून एक निवडायची आहे, ती तऱ्हाही नडली असावी.

उन्हाळा १९७३. स्पेनने परदेशी खेळाडूंना पुन्हा दार उघडलं, हॉलंडचा क्रॉइफ बार्सिलोनात आला, जर्मनीचा नेट्झर माद्रिदमध्ये, आणि वॅलेन्सियाने केइताला घेतलं. तिथल्या एका वर्तमानपत्राने मथळा दिला त्याचा आशय असा: जर्मन आणायला गेले आणि काळा घेऊन आले. स्वागत हे असं. तीन हंगाम, चौऱ्याहत्तर सामने, तेवीस गोल. आकड्यांकडे बघून तो उतरणीला लागला असं म्हणता येईल, पण वर सांगितलेली गोष्ट आठवा: शेजारी रेवेली नव्हता. लीग सावध, बचाव अंगावर येणारा, कधी कडेला खेळ, कधी एकट्याने पुढे उभा राहा. तरी वॅलेन्सियाचे जुने प्रेक्षक त्याच्याबद्दल बोलतात ते गोलांबद्दल नाही. चेंडू थांबवून तो बचावपटूकडे बघायचा त्याबद्दल. मग लिस्बनमध्ये स्पोर्टिंगकडे तीन वर्षं. मोझांबिक-अंगोलातून आलेले खेळाडू पोर्तुगालला नवे नव्हते, तिथे तो एकटा पडला नाही. १९७८ चा पोर्तुगीज चषक त्याच्या संघाने जिंकला.

शेवट झाला अमेरिकेत, बॉस्टनच्या परिसरात, ‘न्यू इंग्लंड टी मेन’ नावाच्या संघात. मालक लिप्टन चहा कंपनी. हसू येतं खरं, पण नियम त्याहून मजेदार होते. ऑफसाइडची रेघ मध्यावर नव्हती, गोलपासून ३५ यार्डांवर आखलेली. सामना बरोबरीत सुटला तर खेळाडूने ३५ यार्डांवरून एकट्याने चेंडू घेऊन निघायचं आणि पाच सेकंदांत गोलकीपरला चकवायचं. जमीन कृत्रिम, खाली काँक्रीट, चेंडू भलता उंच उडणारा. म्हणजे फिरून फिरून पुन्हा कडक जमीन. चित्रफितींत वयाने थकलेला केइता तिथे चेंडू तळव्याखाली ओढून धरताना दिसतो.

पँथरचं राहिलं. सेंत-एतिएनला त्याला काळा पँथर म्हणत, आणि पुढे पँथर हा क्लबचा शुभंकरच झाला, आजही आहे. हिरव्या कपड्यातला तो प्राणी सामन्याआधी पोरांशी हस्तांदोलन करतो. याबद्दल माझं मत अजून ठरत नाही. त्याच सुमारास पोर्तुगालमध्ये मोझांबिकहून आलेल्या युसेबियोलाही हेच नाव होतं; म्हणजे नाव काही केइताचा खेळ बघून सुचलेलं नाही, आफ्रिकी फॉरवर्डसाठी तयारच ठेवलेलं होतं. खुद्द मालीच्या संघाला गरुड म्हणतात. दुसरीकडे, कोळशाच्या गावाने ज्याचं चिन्ह जपलं तो दूरच्या खंडातून आलेला मुलगा आहे, हे त्या गावातल्या प्रत्येक पोराला ठाऊक असतं. ज्या अध्यक्षाला त्याने कोपर दाखवलं त्याच्याच क्लबने ते जपलं. माणूस निघून गेला, प्राणी राहिला. कौतुक आणि अपमान यांची शिवण इतकी बारीक आहे की कुठे उसवायची कळत नाही.

घरी परतल्यावर त्याने बामाकोत हॉटेल काढलं, १९९१ मधल्या सत्तांतरानंतर काही काळ मंत्रिपदही सांभाळलं. पण टिकलेलं काम वेगळं आहे. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला त्याने स्वतःच्या नावाने प्रशिक्षण केंद्र उघडलं. महामादू दियारा तिथून पुढे गेला आणि रेआल माद्रिदला पोचला. पुतण्या सेदू केइता बार्सिलोनाला, जिथे त्याला २००९ आणि २०११ चे चँपियन्स लीग विजय मिळाले. अशी केंद्रं चालतात कशी, तर खेळाडू विकून, आणि त्याहून जास्त कागद सांभाळून. खेळाडूच्या प्रत्येक हस्तांतराच्या रकमेतला पाच टक्के वाटा त्याला वयाच्या बाराव्या ते तेविसाव्या वर्षापर्यंत घडवणाऱ्या क्लबांत वाटला जातो. पहिल्या व्यावसायिक कराराच्या वेळची भरपाई वेगळी. पण मुलगा कोणत्या तारखेपासून कोणत्या क्लबात होता याची नोंद राष्ट्रीय महासंघाकडे हवी. ती उशिरा झाली, जन्मतारीख दोन ठिकाणी दोन निघाली, किंवा मधल्या दलालाने अठरा वर्षांच्या आत पोराला परस्पर बाहेर नेलं, की पैसा अडकतो, आणि मातीत पाच-सहा वर्षं राबलेला प्रशिक्षक वर्तमानपत्रात आकडे वाचत बसतो. मुक्ततेच्या पत्रावाचून आठवडेच्या आठवडे नुसता सराव केलेल्या माणसाला या कारभाराचं गांभीर्य कोणी शिकवायची गरज नव्हती. २००५ ते २००९ तो मालीच्या फुटबॉल महासंघाचा अध्यक्षही होता.

त्याच काळात, २००७ सालचा आफ्रिकेतल्या सर्वोत्तम खेळाडूचा मान फ्रेडरिक कानूतेला मिळाला, केइतानंतर हा मान मिळवणारा मालीचा दुसरा खेळाडू. कानूते आफ्रिकेत जन्मलेला नव्हता. आफ्रिकेबाहेर जन्मून हा पुरस्कार मिळवणारा तो पहिलाच. जन्म लियाँच्या उपनगरात, म्हणजे सेंत-एतिएनपासून साठेक किलोमीटरांवर, आणि फुटबॉलच्या हिशेबाने शत्रूच्या गोटात. फ्रान्सच्या युवा संघाकडून तो खेळला होता. २००३ च्या शेवटी फिफाने नियम सैल केला: फक्त युवा पातळीवर खेळलेल्या दुहेरी नागरिकाला दुसरा देश निवडता येईल. जानेवारी २००४ मध्ये ट्युनिशियात तो मालीच्या जर्सीत उतरला, चार गोल केले, संघ उपांत्य फेरीत गेला, आणि ऐन हंगामात माणूस गेल्यामुळे लंडनमधला त्याचा क्लब नाराज झाला. एकाने फ्रेंच कागद नाकारून मार्सेय सोडलं. दुसऱ्याकडे तो जन्मापासून होता आणि त्याने वडिलांचा देश मागून घेतला. या दोघांना मी एका चौकटीत बसवायचा बराच प्रयत्न केला, बसत नाहीत. कानूते निवडायला मोकळा होता. केइतासमोर निवड ठेवली गेली ती अटीसारखी.

२ सप्टेंबर २०२३ रोजी बामाकोत केइता गेला, वयाच्या शहात्तराव्या वर्षी. कढईत त्याच्या नावाचे फलक लागले, आणि पुन्हा सगळीकडे टॅक्सीची गोष्ट फिरली, पुन्हा हसून सांगितली गेली. तिच्यातला टॅक्सीवाला क्लबच्या दारात पैसे मोजून घेतो आणि तिथेच गोष्टीतून नाहीसा होतो. शहराबाहेरची सवारी घेणारा कुठलाही चालक परतीचे किलोमीटरही हिशेबात धरतो, धरावेच लागतात. खाणीच्या टेकड्या मागे टाकत, त्याच रस्त्याने, त्याच गावांमधून, मीटर शून्यावर आणि मागची सीट रिकामी.